आणीबाणीच्या आठवणींची गाववही: चिलीच्या अनुभवावरून आपल्या वाचनालयात ती कशी तयार करावी

वर्धा जिल्ह्यात आष्टीला गेलेला माणूस १९४२ च्या हुतात्म्यांच्या स्मारकापुढे क्षणभर तरी थांबतो. १६ ऑगस्ट १९४२ रोजी आष्टीत आणि त्याच दिवशी तेव्हाच्या चांदा जिल्ह्यातील चिमूरमध्ये काय घडले, हे आमच्या भागातील शाळकरी पोरालाही सांगता येते, आणि त्या आठवणीवरून गावात कधी भांडण होत नाही. याच पट्ट्यातून १९७५ ते १९७७ या एकवीस महिन्यांत माणसे तुरुंगात गेली, नसबंदीच्या गाड्या फिरल्या, पोस्टमनला पत्र देतानाही लोक विचार करू लागले. त्याची मात्र एक ओळही कुठल्या भिंतीवर नाही. बेचाळीसचा शत्रू बाहेरचा होता आणि तो निघून गेला. आणीबाणीतला दुसरा पक्ष आपल्याच धुऱ्याला लागून राहतो, आणि पोळ्याला त्याची बैलजोडी आपल्या जोडीशेजारीच तोरणाखाली उभी असते. अशा गावात आठवण लिहायची कशी, एवढाच या लेखाचा विषय आहे.

ज्या सार्वजनिक वाचनालयांना किंवा शाळांना हे काम हाती घ्यायचे आहे, त्यांनी ते पुढच्या हंगामावर ढकलू नये. १९७५ साली अठरा वर्षांचा असलेला पोरगा आज सत्तरीला टेकला आहे. आर्वी-आष्टी पट्ट्यातील आमच्या छोट्या वाचनालयाने दोन वर्षे खपून अशी एक गाववही केली आणि ती करताना सर्वांत जास्त आधार घेतला तो चिली या दूरच्या देशाचा.

चिलीच का

चिलीमध्ये ११ सप्टेंबर १९७३ रोजी लष्कराने निवडून आलेले अध्यक्ष साल्वादोर आयेंदे यांचे सरकार उलथवले, आणि जनरल ऑगुस्तो पिनोचेत यांची राजवट मार्च १९९० पर्यंत टिकली. मारलेली आणि बेपत्ता झालेली माणसे सरकारी मोजणीनेच तीन हजारांच्या वर आहेत, आणि छळ सोसून जिवंत राहिलेल्यांची संख्या त्याच्या कितीतरी पट आहे. ही राजवट शेवटी मतपेटीने गेली. ५ ऑक्टोबर १९८८ च्या सार्वमतात पिनोचेत यांना आणखी आठ वर्षे द्यावीत का, या प्रश्नाला सुमारे ५६ टक्के लोकांनी नकार दिला आणि सुमारे ४४ टक्क्यांनी होकार. हा ४४ चा आकडा वाचताना मला आमचे गाव दिसले. हुकूमशहा हरला, पण शंभरातली चव्वेचाळीस माणसे त्याला मत देऊन त्याच गल्लीत राहत होती, त्याच दुकानातून तेल-मीठ नेत होती, आणि त्यांच्यासमोरच बाकीच्यांना आपल्या हरवलेल्या माणसांची नावे घ्यायची होती.

विदर्भाचेही काहीसे असेच आहे, आणि हे आपण सहसा बोलत नाही. मार्च १९७७ च्या निवडणुकीत उत्तर भारतात काँग्रेसचा धुव्वा उडाला, इंदिरा गांधी स्वतः रायबरेलीत पडल्या. विदर्भातील बहुतेक जागा मात्र काँग्रेसने राखल्या, वाशीममधून वसंतराव नाईक आणि अकोल्यातून वसंत साठे लोकसभेत गेले. जयप्रकाश नारायण अटकेत असताना पवनारच्या आश्रमात मौन पाळणाऱ्या विनोबांच्या नावाने आणीबाणीसाठी ‘अनुशासन पर्व’ (शिस्तीचा काळ) हा शब्द देशभर फिरला, आणि एकाच सर्वोदयी परिवारात काही जण तुरुंगात तर काही जण त्या शब्दाच्या बाजूने अशी फाळणी झाली. ज्या भागात बंदीही आहेत आणि ‘तेव्हा गाड्या वेळेवर धावत होत्या’ असे मनापासून म्हणणारेही आहेत, त्या भागाला एकमुखी आठवण सांगणाऱ्या देशाचा उपयोग नाही. फाटलेल्या देशाचाच आहे.

एक इशारा मात्र पहिल्याच बैठकीत द्यावा. आणीबाणीला पिनोचेतशाहीच्या पंक्तीला बसवू नये. इकडे घटनेतील कलम ३५२ वापरून अधिकार गोठवले गेले आणि ज्या सरकारने ते गोठवले त्यानेच निवडणूक घेतली आणि ते हरले; तिकडे संसदच बंद पडली आणि माणसे कायमची नाहीशी झाली. चिलीकडून आपण घ्यायची ती रीत, वजनमाप घ्यायचे नाही. शाळेतील मुलांसमोर बोलताना तर हा फरक दोनदा सांगावा, कारण मुलांना मोठा शब्द आवडतो.

समिती कोणाची असावी

हुकूमशाही संपल्यावर महिनाभरातच, एप्रिल १९९० मध्ये, अध्यक्ष पात्रिसियो आयल्विन यांनी राउल रेत्तिग यांच्या अध्यक्षतेखाली सत्यशोधन आयोग नेमला. आयोगात आठ सदस्य होते, आणि त्यांत पिनोचेत यांच्या राजवटीला जवळची माणसेही जाणीवपूर्वक घेतली होती. फेब्रुवारी १९९१ मध्ये आलेल्या अहवालाने २,२७९ मृत्यू आणि बेपत्ता होण्याच्या घटना नोंदवल्या. लष्कराने तो अहवाल स्वीकारला नाही, पण दोन्ही बाजूंच्या माणसांनी एकत्र सही केलेली यादी असल्यामुळे ती पुढच्या सगळ्या कामाचा पाया ठरली.

आपल्या गावात पाच किंवा सात जण पुरेत. मिसाबंदीच्या (‘मिसा’ या अंतर्गत सुरक्षा कायद्याखाली खटल्याविना तुरुंगात ठेवलेल्याच्या) घरातील एक, जुन्या काँग्रेसच्या घरातील एक, ज्या घरात नसबंदी झाली त्या घरातील एक बाई, एखादे निवृत्त शिक्षक किंवा ग्रामसेवक, आणि फोन व संगणक हाताळणारी एक तरुण व्यक्ती. सरपंचांना अध्यक्ष करू नये, ते कितीही भले असले तरी. कारण पुढच्या निवडणुकीत वही प्रचारात जाते. आम्हांला काँग्रेसच्या घरातून कोणी यायला तयार होईना. ‘तुम्ही आमच्यावर खटला चालवणार आणि वरून आम्हांलाच पंच करणार’ असे एका काकांनी मला चहा पाजून सुनावले. त्यांना मी एवढेच सांगितले की प्रत्येक निवेदन वहीत जाण्यापूर्वी तुम्ही वाचाल, आणि एखाद्या निवेदनावर तुमची हरकत असेल तर ते काढले जाणार नाही, तुमची हरकत त्याच पानावर त्याखाली लिहिली जाईल. काका आले. त्यांच्या अकरा हरकती आज वहीत आहेत आणि त्यांतील चार तरी अगदी रास्त आहेत. एका बंद्याने सांगितलेली अटकेची तारीखच त्यांनी जुन्या पंचांगावरून खोटी ठरवली.

सुरुवात कोणत्या दिवशी धरावी

हा प्रश्न कागदावर किरकोळ वाटतो, पण सगळे भांडण त्यातूनच उभे राहते. सांतियागो शहरात जानेवारी २०१० मध्ये स्मृती आणि मानवी हक्कांचे संग्रहालय सुरू झाले आणि त्याची मांडणी ११ सप्टेंबर १९७३ पासून सुरू होते. उजव्या बाजूचे लोक तेव्हापासून विचारत आले आहेत की आयेंदे यांच्या काळातील टंचाई, महागाई आणि संप यांचे काय, तुम्ही गोष्ट मधूनच का सांगता. हा वाद इतका धगधगता आहे की २०१८ मध्ये एका नव्या सांस्कृतिक मंत्र्यांनी पूर्वी या संग्रहालयाला बनाव म्हटले होते हे उघड होताच त्यांना नेमणुकीनंतर काही दिवसांतच पद सोडावे लागले. संग्रहालयाच्या बाजूचे उत्तर असे की टंचाई हे छळाचे कारण होऊ शकत नाही, आणि मला ते पटते.

तरीही गाववहीत आम्ही वेगळा मार्ग घेतला. २५ जून १९७५ च्या रात्रीपासून मुख्य वही सुरू होते, पण त्याआधी चार पानांचा ‘मागचा काळ’ आहे: १९७२ चा दुष्काळ, गुजरात-बिहारमधील आंदोलने, मे १९७४ चा रेल्वे संप, आणि इंदिरा गांधींची निवडणूक रद्द करणारा १२ जून १९७५ चा अलाहाबाद उच्च न्यायालयाचा निकाल. रेल्वे संप तर आमच्या भागाला घरचा आहे, कारण बडनेरा आणि वर्धा येथे रेल्वेत असलेली माणसे अनेक गावांत आहेत. त्या चार पानांत फक्त घटना आणि तारखा लिहाव्यात. ‘म्हणून’ हा शब्द कुठेही येऊ देऊ नये.

कोणाला विचारावे

पहिली चूक हमखास होते ती येथे. वाचनालयाची मंडळी आधी मिसाबंदींकडे जातात, त्यांचे फोटो काढतात, आणि वही संपली असे समजतात. ही माणसे महत्त्वाची आहेतच. आणीबाणीची चौकशी करणाऱ्या शाह आयोगाच्या नोंदीप्रमाणे देशभरात सुमारे ३५ हजार जण मिसाखाली आणि सुमारे ७६ हजार जण भारत संरक्षण नियमांखाली पकडले गेले. १४ नोव्हेंबर १९७५ पासून झालेल्या सत्याग्रहात खेड्यांतील पोरे एस.टी. स्टँडवर घोषणा देऊन, सायक्लोस्टाइल पत्रके वाटून गाडीत बसली. नागपूर, नाशिक, येरवडा येथील बराकींत संघाचे, समाजवादी, सर्वोदयी, जमाते इस्लामीचे असे एरवी एकमेकांच्या वाऱ्यालाही उभे न राहणारे लोक एकत्र राहिले. त्यांच्याकडून तुरुंगातील जेवण, पत्रांवरची काळी शाई, भेटीचे दिवस, घरी बायकोने शेती कशी रेटली हे विचारावे. भाषण सुरू झाले की हळूच ‘त्या दिवशी भाजी कसली होती’ असे विचारावे. माणूस भाषणातून आठवणीत उतरतो.

पण प्रतिकार एवढाच नसतो. १९७६-७७ या एका वर्षात देशात ८२ लाखांहून अधिक नसबंदी शस्त्रक्रिया झाल्या, आणि महाराष्ट्र विधिमंडळाने तर सक्तीच्या नसबंदीचे विधेयकच १९७६ मध्ये मंजूर केले होते. राष्ट्रपतींची संमती न मिळाल्याने त्याचा कायदा झाला नाही. गावाच्या दृष्टीने आणीबाणी म्हणजे मुख्यतः ही गोष्ट. तिच्यातून पळालेला माणूस स्वतःला लढवय्या म्हणत नाही, त्याला कोणी ताम्रपट देत नाही, आणि तरी त्याने राजवटीला दिलेला नकार कोणाहून कमी नव्हता. आमच्याकडे ऐंशीच्या घरातील एका आजीने सांगितलेले जसेच्या तसे असे आहे: “गाडीचा हॉर्न आयकू आला का बुढे-जवान समदे तुरीत जाऊन बसत. आमच्या घरचे दोन रात्री तुरीतच होते, थंडी अशी का इचारू नका. मी भाकर बांधून नेवो, अन् कोनी पुसलं तं सांगो, वावरात चालली.” तूर त्या दिवसांत माणसाच्या डोक्यावर गेलेली असते, त्या वर्षी तिचा दाणा किती झाला हे आजीला आठवत नव्हते, पण दव पडून घोंगडे ओले व्हायचे हे आठवत होते. हे विधान प्रमाण मराठीत ‘दुरुस्त’ करू नये. वऱ्हाडी आहे तशी लिहावी, आणि ज्याला ती लिहिता येत नाही त्याने लिहिण्याचे काम घेऊ नये.

तिसरी माणसे म्हणजे ज्यांना तो काळ बरा वाटला: वेळेवर येणारा कारकून, दबलेला काळाबाजार, सावकारी कर्जाविषयीच्या घोषणांनी हायसे वाटलेला शेतमजूर. त्यांना वगळले तर वही खोटी होते. चौथी माणसे सर्वांत अवघड, म्हणजे ज्यांच्या हातून ते घडले. त्यांच्याकडे पुढे येतो.

निवेदन कसे घ्यावे

निवेदन पारावर घेऊ नये. आमचे पहिले निवेदन आम्ही पारावर घेतले आणि ते पूर्ण वाया गेले. सात-आठ जण भोवती बसल्यावर सांगणाऱ्याचा आवाज चढत गेला, शेवटी तो स्वतः फौजदाराची कॉलर धरल्याचे सांगू लागला आणि मागून कोणीतरी हसले. दुसऱ्या दिवशी तो माणूस आमच्या दारावरून मान खाली घालून गेला. त्यानंतर आम्ही नियम केला: सांगणारा, विचारणारा आणि लिहिणारा, चौथे कोणी नाही, स्वतःच्या नातेवाइकाचे निवेदन कोणी घ्यायचे नाही, आणि नसबंदीविषयी पुरुषांशी वयस्क पुरुषाने, बायकांशी बाईनेच बोलायचे. अनेक पुरुषांनी ही गोष्ट मुलांनाही सांगितलेली नसते. त्यांना थेट ‘तुमची झाली का’ असे विचारणे हा उद्धटपणा आहे; ‘त्या वर्षी शिबिर कुठे भरले होते’ एवढे विचारून गप्प बसावे.

वेळ दुपारची धरावी, कापूस वेचणीचे आणि सोयाबीन काढणीचे दिवस टाळावेत. उन्हाळ्यात कूलर बंद केल्याशिवाय रेकॉर्डिंग सुरू करू नये, नाहीतर सगळी आठवण त्या घरघरीत बुडते. फोन विमान-मोडवर टाकून उशीवर किंवा घडी केलेल्या दुपट्यावर ठेवावा, आणि सुरुवातीला तारीख, गाव आणि सांगणाऱ्याने स्वतः उच्चारलेली संमती नोंदवावी. त्याच दिवशी फाइल दोन वेगळ्या घरांतील दोन वेगळ्या ठिकाणी उतरवून घ्यावी. हे सगळे पोरांना लवकर समजते, त्यावर अधिक सांगत नाही.

तारखा हे खरे दुखणे आहे. पन्नास वर्षांनी महिना कोणाला आठवत नाही, पण पाणी आठवते. आणीबाणी लागली तेव्हा मृग सरून नुकत्याच आर्द्रा लागल्या होत्या, आणि उठली तेव्हा गहू-हरभरा घरात येत होता. एवढे दोन खुंट ठोकले की मधले बरेच काही बांधता येते. ‘तेव्हा तूर किती उंच होती’, ‘पोळा झाला होता की व्हायचा होता’, ‘कापूस एकाधिकार खरेदी सुरू होऊन किती वर्षे झाली होती’ असे विचारावे. एकाधिकार योजना १९७२ मध्ये सुरू झाली, त्यामुळे शेतकऱ्याला त्यावरून साल अचूक काढता येते.

कागद आणि मानधन

निवेदनासोबत कागद मागावा, पण घेऊन जाऊ नये. तेथेच फोटो काढून परत द्यावा. नसबंदीची प्रमाणपत्रे आश्चर्यकारक संख्येने सापडतात, बहुधा शिधापत्रिका आणि सातबाऱ्याच्या पिशवीत, कारण तो कागद दाखवल्याशिवाय काम अडेल ही भीती लोकांच्या मनात बसली होती. तुरुंगाचे सुटकापत्र, सेन्सॉरचा शिक्का असलेले कार्ड, एखादे कोर्टाचे कागद यांचेही तसेच. कोर्टाच्या बाबतीत एक गोष्ट आपल्या भागातील वाचकांना आवर्जून सांगावी: बंद्यांना न्यायालयात दाद मागता येते असे म्हणणाऱ्या उच्च न्यायालयांत मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठही होते, आणि ते सगळे निकाल सर्वोच्च न्यायालयाने २८ एप्रिल १९७६ रोजी चार विरुद्ध एक मतांनी फिरवले. तो एक म्हणजे न्यायमूर्ती हंसराज खन्ना. सर्वोच्च न्यायालयाने आपलाच तो निकाल चुकीचा होता असे म्हणायला २०१७ साल उजाडले.

मानधनाचा विषय टाळू नये. राज्य सरकारने २०१८ मध्ये आणीबाणीतील बंद्यांना मानधन सुरू केले, एक महिन्याहून अधिक तुरुंगवास असेल तर दरमहा १० हजार रुपये आणि त्याहून कमी असेल तर ५ हजार. २०२० मध्ये दुसऱ्या सरकारने ते थांबवले, २०२२ मध्ये तिसऱ्याने पुन्हा सुरू केले. आठवणीला दर लागला की ती दराप्रमाणे वळते. काही जण एकोणतीस दिवसांचे एकतीस सांगतात, तर कागद नसलेले, खरोखर आत गेलेले काही जण रागाने काहीच सांगत नाहीत. वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिहावे की या वहीतील नोंद कोणत्याही योजनेसाठी पुरावा म्हणून दिली जाणार नाही. आमच्याकडे ही ओळ लिहिल्यावर दोन जणांनी निवेदन मागे घेतले आणि पाच जण नव्याने आले.

नावे आणि बंद पाकिटे

ज्यांनी केले त्यांची नावे लिहावीत का, या प्रश्नावर समिती मोडू शकते, म्हणून तो पहिल्या निवेदनाच्या आधी सोडवावा. याबाबत वेगवेगळ्या देशांनी वेगवेगळे केले आहे. जर्मनीचे एकीकरण झाल्यावर जानेवारी १९९२ पासून पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांनी ठेवलेली स्वतःची फाइल कोणालाही वाचता येऊ लागली, आणि शेजाऱ्यांनी, मित्रांनी, क्वचित घरच्यांनी दिलेल्या खबरा लोकांसमोर आल्या. चिलीच्या रेत्तिग आयोगाने गुन्हा ठरवणे हे न्यायालयाचे काम आहे असे म्हणून अहवालात गुन्हेगारांची नावे दिली नाहीत. २००४ मध्ये वालेच आयोगाने छळ सोसलेल्या सत्तावीस हजारांहून अधिक माणसांची निवेदने मान्य केली, आणि ती निवेदने पन्नास वर्षांसाठी बंद ठेवण्याचा कायदा झाला. त्यावर तिकडे आजही वाद आहे. अनेक जण म्हणतात की हे कुलूप छळणाऱ्यांनाच राखते. देशाच्या पातळीवर मला हा आक्षेप योग्य वाटतो, कारण तिकडे खटले चालायचे आहेत आणि हजारावर माणसांचे देह अजून सापडायचे आहेत.

गावाच्या पातळीवर मात्र मी कुलपाच्या बाजूचा आहे. येथे खटला चालणार नाही, पण सोयरीक मोडू शकते. म्हणून उघड वहीत हुद्दा लिहावा, नाव लिहू नये: ‘तालुक्याहून आलेले अधिकारी’, ‘गावातील एक पुढारी’, ‘शाळेतील गुरुजी’. ज्याला नाव सांगायचेच आहे, त्याचे निवेदन वेगळ्या कागदावर घेऊन पाकिटात घालावे, त्यावर लाखेने मोहोर करावी, आणि ते कोणत्या साली उघडायचे हे सांगणाऱ्याने स्वतःच्या हाताने पाकिटावर लिहावे. साल सांगणाऱ्याचेच, समितीने सुचवूही नये.

गुरुजी हा शब्द वर मुद्दाम लिहिला. माझे वडील प्राथमिक शिक्षक होते. त्या वर्षी शिक्षकांना ‘केस’, म्हणजे नसबंदीसाठी माणसे, आणण्याची संख्या ठरवून दिलेली असे आणि ती भरली नाही की पगार अडकत असे. घरात दोन महिने उसनवारीवर चूल पेटली, एवढे मला लहानपणीचे आठवते. नंतर पगार आला. तो कसा आला, हे घरात कोणी विचारले नाही. अशी माणसे प्रत्येक गावात आहेत, ती एकाच वेळी दाबलेली आणि दाबणारी होती, आणि त्यांच्याकडे जाताना आरोपपत्र घेऊन जाऊ नये. ‘तुमच्यावर वरून काय आले होते’ येथून सुरुवात करावी. बरेच जण त्या प्रश्नाची पन्नास वर्षे वाट पाहत असतात.

गावापुढे मांडणे

लिहून झालेले निवेदन सांगणाऱ्याला मोठ्याने वाचून दाखवावे, त्याने खोडले ते खोडावे, आणि मगच वहीत उतरवावे. गावापुढे मांडायचा दिवस २५ जून धरू नये. २०२४ पासून केंद्र सरकारने तो ‘संविधान हत्या दिवस’ ठरवला आहे. त्या दिवशी एका पक्षाचा मांडव पडतो आणि दुसरा पक्ष दार लावून बसतो, वही कोणाचीच राहत नाही. शिवाय पेरणीचे दिवस. चिलीतही ११ सप्टेंबरला दरवर्षी रस्त्यावर तणाव असतो. आम्ही २१ मार्च निवडला, म्हणजे १९७७ मध्ये आणीबाणी उठली तो दिवस. रब्बी घरात आलेली असते आणि ऊन अजून सोसते.

सगळे लिहिता येत नाही, आणि सगळ्यांना लिहिता येत नाही. चिलीत नवरे आणि मुले बेपत्ता झालेल्या बायकांनी १९७४ पासून पोत्याच्या कापडावर जुन्या कपड्यांचे तुकडे शिवून चित्रे केली: डोंगर, घर, आणि दारात उभी एकटी बाई. चर्चच्या आधाराने ही कापडे देशाबाहेर गेली, आणि जे वर्तमानपत्रात छापता येत नव्हते ते शिवणीतून जगाला कळले. आपल्याकडे गोधडी घरोघरी आहे. आमच्या चार बायकांनी खताच्या पोत्याला आतून अस्तर लावून एक हातभर पट्टा शिवला. त्यात हिरव्या पोलक्याच्या चिंध्यांची तूर आहे, तिच्यात काळ्या दोऱ्याचे ठिपके आहेत, ती माणसांची डोकी. एका कोपऱ्यात जीप आहे आणि तिची चाके धोतराच्या काठाची आहेत. प्रदर्शनात लोक वहीपेक्षा त्यापुढे जास्त वेळ उभे राहिले. तुरीतील ठिपके मोजून ‘एक कमी आहे, माहा भाऊ राहिला’ असे एक म्हातारे म्हणाले, आणि तेथेच सुई आणून तो ठिपका घालण्यात आला.

जागेचाही विचार करावा. सांतियागोच्या राष्ट्रीय स्टेडियममध्ये १९७३ मध्ये हजारो माणसे कोंडली होती. ते स्टेडियम पुढे नवे झाले, पण जुन्या लाकडी बाकांचा एक भाग तसाच राखून ठेवला आहे, सामना चालू असतानाही तो रिकामा असतो. आमच्याकडे शिबिर शाळेच्या जुन्या ओसरीवर भरले होते. तेथे पाटी लावावी की नाही यावर समितीत तीन विरुद्ध दोन झाले आणि पाटी लागली नाही. मी हरलेल्या दोघांत होतो. ओसरीला नवी फरशी बसवताना मात्र एक कोपरा शहाबादीच ठेवला आहे, आणि त्याचे कारण वहीत लिहिलेले आहे.

वही आणि पाकिटे ठेवायला लोखंडी कपाट घ्यावे, भिंतीपासून वीतभर पुढे आणि विटांवर, कारण आमच्या काळ्या मातीत वाळवी भिंतीतून चढते. कपाटाला दोन कुलुपे असावीत आणि किल्ल्या दोन वेगळ्या घरांत. एक माझ्याकडे आहे, दुसरी अकरा हरकती घेणाऱ्या काकांकडे. दर उन्हाळ्यात आम्ही दोघे मिळून ते उघडतो, कडुनिंबाचा वाळलेला पाला बदलतो, पाकिटे एकेक करून उन्हाला दाखवतो. त्यांत माझ्या वडिलांचे एक आहे. नातेवाइकाने घ्यायचे नाही या नियमामुळे ते दुसऱ्याने घेतले, आणि वडिलांनी त्यावर २०४५ लिहिले आहे. काका ते पाकीट माझ्या हातात न देता स्वतःच उलटून ठेवतात, आणि आम्ही कपाट बंद करतो.